एका घड्याळाने काळाचा नकाशा निघत नाही

मा. संपादक यांस,

स. न. वि. वि.

काळाच्या अस्थिर प्रदेशांचा शोध घेऊन त्यांचे नकाशे काढणाऱ्या एका काल्पनिक संस्थेची कथामाला आपल्या पुरवणीत सुरू आहे. कथा रंगतदार आहे आणि ती काल्पनिक असल्याबद्दल आमची काहीच हरकत नाही. हरकत आहे ती त्या संस्थेच्या कामाच्या रीतीला. शोधपथक खिशातले एक घड्याळ घेऊन रानात शिरते, काटे गरगर फिरू लागतात, आणि पथकप्रमुख नकाशावर त्या जागी लाल फुली मारतो. वेळ मोजणे हेच ज्यांचे काम, त्यांना ही फुली खटकते. अशी संस्था खरोखर असती तर तिचे काम कसे चालले असते, काय काय बिघडले असते, हे लेखकाला आणि वाचकांना उपयोगी पडेल म्हणून सविस्तर लिहीत आहोत.

पहिली गोष्ट. काळ मंद झालेल्या जागी उभ्या असलेल्या माणसाला काहीही जाणवणार नाही. घड्याळ मंद, तशी नाडीही मंद, श्वासही मंद आणि विचारही मंद. सीझियम या धातूचा अणू ९१९ कोटी २६ लाख ३१ हजार ७७० आंदोलने करतो तेव्हा एक सेकंद होतो, ही १९६७ सालापासूनची व्याख्या आहे. त्या जागी उभे राहून मोजले तरी आकडा तितकाच भरेल. काटे गरगर फिरताना दिसले, तर घड्याळ बिघडले एवढाच अर्थ. काळाचा फरक कळतो तो दोन ठिकाणची घड्याळे एकमेकांशी ताडून पाहिल्यावर. त्यामुळे या संस्थेत साहसवीर चार असतील तर हिशेबनीस चाळीस लागतील.

याचे खरे उदाहरण १९७१ सालचे आहे. हाफेले आणि कीटिंग या दोघा अमेरिकी शास्त्रज्ञांनी चार सीझियम घड्याळे नेहमीच्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली, एकदा पूर्व दिशेने आणि एकदा पश्चिम दिशेने. परत आल्यावर अमेरिकेच्या नौदल वेधशाळेतील घड्याळांशी ती ताडली. पूर्वेच्या फेरीत ती सरासरी ५९ नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) मागे पडली होती, पश्चिमेच्या फेरीत २७३ नॅनोसेकंद पुढे गेली होती. विमानात बसलेल्यांना यातले काहीही जाणवले नाही. घड्याळे चार का नेली, त्याकडे पुढे येऊ.

दुसरी गोष्ट कथेच्या मुळावरच येते, म्हणून जरा थांबून सांगतो. घड्याळांच्या गतीतला फरक आणि गुरुत्वाकर्षण या वेगळ्या बाबी नाहीत. दोन शेजारच्या जागी घड्याळे वेगळ्या गतीने चालत असतील, तर वस्तू मंद घड्याळाच्या दिशेने ओढली जाते. आपण जमिनीवर उभे आहोत तेही याच हिशेबाने. पृथ्वीच्या पृष्ठभागाजवळ एक मीटर वर गेले की घड्याळ एकावर सोळा शून्ये इतक्या भागांत सुमारे १.१ भागाने जलद चालते. एवढ्याशा चढाला आपण आपले वजन म्हणतो. आता कथेतला प्रदेश घ्या. समजा, शंभर मीटरच्या पट्ट्यात घड्याळ फक्त एक टक्का मंद होते. हिशेब केला तर त्या पट्ट्यातली ओढ पृथ्वीच्या ओढीच्या सुमारे नव्वद हजार कोटी पट निघते. पथक आत शिरणार नाही, आत कोसळेल, आणि त्याच्यामागून ते रानही.

माणसाला चालत जाता येईल असा प्रदेश किती सौम्य असावा लागेल? आडवी ओढ वजनाच्या शंभराव्या हिश्शाइतकी धरू. सपाट जमीन शंभरास एक या चढाची वाटेल, चालणाऱ्याला जेमतेम कळेल. असा पट्टा एक किलोमीटर रुंद असला, तर त्याच्या दोन कडांवरच्या घड्याळांत दिवसाला नॅनोसेकंदाच्या दहाव्या भागाइतकाही फरक पुरता पडत नाही. तेवढ्या वेळात प्रकाश पावणेतीन सेंटिमीटर जातो. खिशातले घड्याळ तर सोडाच, बाजारात मिळणारे उत्तम सीझियम घड्याळही दिवसाला दोन-तीन नॅनोसेकंद स्वतःहून डळमळते. सरासरी काढत बसले तरी एका मर्यादेनंतर ही डळमळ कमी होत नाही. सीझियमची ही मर्यादा साधारण एकावर चौदा शून्ये इतक्या भागांत एक भाग अशी आहे, आणि आपल्याला शोधायचा फरक त्याहून आणखी नऊपट लहान आहे.

म्हणून त्या संस्थेचे सर्वांत पुढे जाणारे उपकरण घड्याळ नसून ओलंबा असायला हवा. शंभरास एक या ओढीने ओलंबा अर्ध्या अंशाहून अधिक कलेल. १७७४ साली खगोलशास्त्रज्ञ मॅस्कलिन यांनी स्कॉटलंडमधल्या शिहॅलियन डोंगराच्या दोन बाजूंना ताऱ्यांच्या आधाराने ओलंबे तपासले, तेव्हा दोन्हीकडचा मिळून झुकाव जेमतेम साडेअकरा विकला (विकला म्हणजे अंशाचा ३,६००वा भाग) भरला होता. इथे तो त्याच्या शंभरपटीहून अधिक आहे, म्हणजे साध्या वेधयंत्रालाही तो दिसेल. ओलंब्याच्या जोडीला गुरुत्वमापी. हाती नेता येणारा चांगला गुरुत्वमापी ओढीतला दहा कोटी भागांत एकाचा फरक सहज दाखवतो आणि एका जागी वाचन घ्यायला काही मिनिटे पुरतात. कडा शोधायची ती याने.

मात्र गुरुत्वमापीची एक फसगत लेखकाच्या कामाची आहे. त्याला कळतो तो चढ, म्हणजे घड्याळांच्या गतीत पडत जाणारा फरक; उंची, म्हणजे खुद्द गती, कळत नाही. प्रदेशाच्या कडेला घड्याळांची गती बदलत जाते आणि आतमध्ये ती सगळीकडे सारखीच मंद असते असे धरा. कडा ओलांडून आत आल्यावर ओलंबा सरळ होईल, गुरुत्वमापी नेहमीचा आकडा दाखवेल आणि पथकाला वाटेल की आपण बाहेर पडलो. आत आहोत की बाहेर हे तिथे फक्त घड्याळाने ठरते, तेही बाहेरच्या घड्याळाशी जोडलेले राहिले तरच. एवढा एक धागा एका कथेला पुरेसा आहे.

लेखकाने म्हणावे की आमच्या कथेत गुरुत्वाकर्षणाचा हा नियम लागूच नाही. जरूर म्हणावे. मग कोणता नियम लागू आहे ते एका वाक्यात सांगावे आणि शेवटपर्यंत पाळावे. सोयीप्रमाणे बदलणारा नियम वाचकाला लगेच कळतो.

आता घड्याळांच्या संख्येबद्दल. एकच घड्याळ असेल तर ते चुकते आहे हे कळायला मार्ग नाही. दोन असली आणि त्यांच्यात फरक पडला तर चूक कोणाची हे कळत नाही. तीन असली की जोड्या लावून, पहिले-दुसरे, दुसरे-तिसरे, पहिले-तिसरे, असे तीन फरक मिळतात आणि त्यांतून प्रत्येकाची स्वतंत्र डळमळ काढता येते. पण तिघांवर एकाच गोष्टीचा परिणाम झाला, उदाहरणार्थ खोली तापली, तर हा हिशेब फसतो आणि कधी कधी डळमळीचा वर्ग ऋण येतो, म्हणजे उत्तर निरर्थक ठरते. म्हणून चार, आणि ती शक्यतो वेगवेगळ्या जातीची. हाफेले-कीटिंग यांच्या चारही घड्याळांच्या गती प्रवासात मधूनच बदलल्या होत्या. चौघांची आपसांत सतत तुलना चालू असल्यामुळे कोणाची गती केव्हा बदलली हे नंतर शोधता आले. एकच घड्याळ नेले असते तर आलेल्या आकड्यावर कोणी विश्वास ठेवला नसता.

जातींचे स्वभाव असे. हायड्रोजन मेसर, म्हणजे हायड्रोजनच्या अणूंवर चालणारे घड्याळ, तासा-दिवसापुरता फार स्थिर असतो, पण आठवड्या-महिन्यांत हळूहळू सरकतो. शिवाय तो जड, तळावरच ठेवावा. सीझियम थोड्या वेळात अधिक डळमळतो, लांबच्या पल्ल्यात भरवशाचा. वजन तीस किलोच्या आसपास, म्हणजे दोघांनी उचलायचे यंत्र. रुबिडियम या धातूच्या अणूवर चालणारा प्रकार लहान आणि काटकसरी, पण वयाबरोबर सरकतो, आणि वीज तुटून पुन्हा आली की पूर्वीच्याच वारंवारतेवर येईलच असे नाही. या तिघांनाही वर सांगितलेला सौम्य प्रदेश दिसणार नाही. त्यासाठी प्रकाशीय घड्याळ, म्हणजे प्रकाशाची आंदोलने मोजणारे घड्याळ, लागते. त्यातला स्ट्रॉन्शियमचा अणू सेकंदाला सुमारे ४२९ लाख कोटी आंदोलने करतो, आणि एक सेंटिमीटर उंचीने गतीत पडणारा फरक ओळखण्याच्या जवळपास हे घड्याळ पोहोचते. टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यात अशी दोन घड्याळे ४५० मीटरच्या अंतराने वर-खाली ठेवून २०२० साली निष्कर्ष प्रसिद्ध झाले. वरचे घड्याळ दिवसाला सुमारे सव्वाचार नॅनोसेकंद पुढे जाते. अशा घड्याळाला खोलीभर लेसर, निर्वात नळ्या आणि आरसे लागतात. ते चाकांवर चढवून हिंडवल्याचेही उदाहरण आहे. जर्मनीच्या मापनसंस्थेने आपले स्ट्रॉन्शियम घड्याळ ट्रेलरमध्ये बसवून आल्प्समधल्या बोगद्यातील प्रयोगशाळेत नेले, फायबरने (प्रकाश वाहून नेणाऱ्या काचतंतूने) ते इटलीतल्या तूरिनच्या मापनसंस्थेतील घड्याळाशी जोडले आणि सुमारे एक हजार मीटरचा उंचीचा फरक घड्याळांवरून काढला. २०१८ साली ते काम प्रसिद्ध झाले. अनिश्चितता दहा-वीस मीटरची होती. काल्पनिक संस्थेला शोधपथकाचा नमुना हवा असेल तर तो हा.

खोट्या अस्थिर प्रदेशांवर एक वेगळी कथामाला निघेल. आमच्या मते अशा संस्थेकडे येणाऱ्या बहुतेक वार्ता यातच मोडतील.

मनगटावरच्या क्वार्ट्झ घड्याळातला स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो आणि त्याची गती २५ अंश सेल्सिअसच्या आसपास सर्वाधिक असते. त्याहून थंड झाला तरी तो मंद होतो, गरम झाला तरी मंदच. आणि मंदपणा तापमानातील फरकाच्या वर्गाने वाढतो. पाच अंशाच्या थंडीत ठेवलेले घड्याळ दिवसाला सव्वा सेकंदाच्या आसपास मागे पडते. दरीत मुक्काम केला, सकाळी घड्याळ मागे पडले, म्हणजे दरीत काळ मंद आहे, असा अहवाल आला की पहिला प्रश्न विचारावा: रात्री तापमान किती होते? चांगल्या, ऊबदार पेटीतल्या स्फटिकालाही आपली बाजू कळते. पेटी उलटी केली तर गतीत अब्जांशाच्या पातळीवर फरक पडू शकतो. म्हणून पेटीवर वरच्या बाजूचा बाण रंगवावा, आणि ती कोणी आडवी ठेवली तर ती वेळ नोंदवहीत लिहावी.

केबलचे प्रकरण याहून अवघड. नेहमीच्या कोअ‍ॅक्सियल केबलमधून संदेश मीटरला सुमारे पाच नॅनोसेकंद घेतो. पथकाने दहा मीटरची केबल काढून वीस मीटरची लावली आणि नोंद केली नाही, तर नकाशावर पन्नास नॅनोसेकंदांची दरी उगवते. जोड पुरता आवळलेला नसेल तर काय होते ते जगाने २०११ साली पाहिले. सर्न या जिनिव्हाजवळच्या प्रयोगशाळेपासून इटलीतल्या ग्रान सासो प्रयोगशाळेपर्यंतच्या सुमारे ७३० किलोमीटरच्या वाटेत न्यूट्रिनो हे सूक्ष्म कण प्रकाशापेक्षा ६० नॅनोसेकंद आधी पोहोचतात असे ऑपेरा प्रयोगाने जाहीर केले. काही महिन्यांनी कारण सापडले. घड्याळाचा संदेश नेणाऱ्या फायबरचा जोड सैल होता, आणि त्याबरोबर एका घड्याळाची गतीही थोडी चुकीची होती. तिथली माणसे नवखी नव्हती. म्हणून आमच्या संस्थेचा पहिला नियम असता: विलक्षण आकडा दिसला की नकाशा बाजूला ठेवा, सगळे जोड उघडून पुन्हा आवळा, केबली आपसांत बदला आणि पुन्हा मोजा. दरी केबलीबरोबर सरकली तर ती केबलीचीच.

चुंबकाचाही त्रास होतो. सीझियमच्या नळीभोवती चुंबकरोधक कवच असते; तरी मोटार, जनित्र किंवा मोठा ध्वनिवर्धक शेजारी ठेवू नये.

आता मोहिमेची रीत. तळावर किमान चार घड्याळे अखंड चालू. फिरते संच किमान दोन. निघण्याआधी आठवडाभर फिरते संच तळाच्या घड्याळांशेजारी ठेवून फरक नोंदवायचा, म्हणजे त्यांची मूळ गती कळते. परत आल्यावर पुन्हा आठवडाभर तसेच. पातळमोजणीत, म्हणजे जमिनीची उंची मोजताना, जिथून निघाले त्याच खुणेवर परत येऊन चूक तपासतात, तसाच हा वेढा पूर्ण केला पाहिजे. वेढा पूर्ण न झालेली मोहीम नकाशावर येऊ नये. आणि सर्वांत महत्त्वाचे, घड्याळ कधीही लावायचे नाही. ते दोन मिनिटे मागे असले तरी हात लावायचा नाही. फरक कागदावर लिहायचा. घड्याळ लावले की त्याचा मागचा सगळा इतिहास पुसला जातो. कथेत पथकप्रमुख दर मुक्कामाला घड्याळे 'जुळवून घेतो', तिथेच त्याची मोहीम वाया गेली.

एक हिशेब करून दाखवतो. फिरते सीझियम निघण्यापूर्वी तळाच्या मानाने दिवसाला ३.० नॅनोसेकंद पुढे जात होते, परतल्यावर ३.४. मोहीम दहा दिवसांची, त्यांतले आठ दिवस संशयित जागी. सरासरी ३.२ धरली तर दहा दिवसांत ३२ नॅनोसेकंद पुढे जायला हवे होते. प्रत्यक्षात ७१ गेले. जास्तीचे ३९. मूळ गतीच्या अनिश्चिततेमुळे दोन नॅनोसेकंद इकडेतिकडे, घड्याळाच्या स्वाभाविक डळमळीमुळे दहा दिवसांत आणखी आठ. म्हणजे ३९, त्यात ८ कमी-जास्त. नवखा पथकप्रमुख इथे लाल फुली मारेल. पण ती जागा तळापेक्षा ४५० मीटर उंच होती हे नोंदवहीत आहे. त्या उंचीमुळे आठ दिवसांत ३४ नॅनोसेकंद मिळायचेच. उरले ५, आणि अनिश्चितता ८. तिथे काहीही नाही. नकाशावर 'तपासले, सापडले नाही' अशी खूण करायची. ती खूणही तितकीच मोलाची आहे, नाहीतर दहा वर्षांनी दुसरे पथक त्याच टेकडीवर चढते. वाहनाच्या वेगामुळे येणारा फरक ताशी ६० किलोमीटरला दिवसाला नॅनोसेकंदाच्या सातव्या-आठव्या भागाएवढा असल्यामुळे या हिशेबात धरलेला नाही. विमानाने गेल्यास धरावा लागेल.

वेढा पूर्ण होईपर्यंत थांबायचे नसेल तर दोन ठिकाणे उपग्रहाने जोडता येतात. दोघांनी एकाच वेळी एकच जीपीएस उपग्रह ऐकायचा आणि आपापल्या घड्याळाशी त्याचा फरक लिहायचा. मग दोन्ही वह्या शेजारी ठेवून वजाबाकी केली की उपग्रहाच्या घड्याळाची चूक आपोआप निघून जाते. काही नॅनोसेकंदांपर्यंत हे चालते. त्याहून बारीक काम असेल तर फायबर. पॅरिस आणि जर्मनीतल्या ब्राउनश्वाइग येथील प्रकाशीय घड्याळे सुमारे १,४०० किलोमीटरच्या फायबरने जोडून ताडलेली आहेत. उपग्रहातल्या घड्याळांचाही हिशेब आधी करून ठेवलेला असतो. उंचीमुळे ती दिवसाला सुमारे ४५.७ मायक्रोसेकंद (मायक्रोसेकंद म्हणजे सेकंदाचा दहा लाखावा भाग) जलद, वेगामुळे ७.२ मंद, म्हणून पाठवण्यापूर्वीच त्यांची वारंवारता किंचित कमी ठेवतात.

'अस्थिर' हा शब्द कथेत फार सैल वापरला आहे. एखाद्या जागी घड्याळ नेहमी सारख्याच प्रमाणात मंद चालत असेल तर ती जागा अस्थिर नाही. तिथे एक आकडा लिहिला की काम झाले. गती आज एक, उद्या दुसरी अशी असेल ती जागा अस्थिर. ती किती अस्थिर हे सांगायला १९६६ साली डेव्हिड ॲलन यांनी मांडलेले माप वापरतात. लागोपाठच्या दोन सारख्या कालखंडांतील सरासरी गती घ्यायच्या, त्यांच्या फरकाचे वर्ग करायचे, अशा सगळ्या जोड्यांच्या वर्गांची सरासरी काढून तिची निमपट करायची आणि वर्गमूळ घ्यायचे. कालखंड एक सेकंदाचा, दहाचा, शंभराचा, दिवसाचा असा वाढवत नेऊन आलेख काढला की जागेचा स्वभाव दिसतो. रेघ उतरत जाते तोवर अधिक मोजण्यात फायदा. ती सपाट झाली की थांबावे. वर चढू लागली तर काहीतरी सरकते आहे. जागा की घड्याळ, ते तळाच्या चौघांना विचारावे. दिवसाच्या कालखंडाबद्दल बोलायचे असेल तर निदान आठ-दहा दिवसांची अखंड नोंद हवी. दोन दिवसांच्या नोंदीवरून काढलेला बिंदू आलेखात दिसतो छान, अर्थ काही नसतो.

नकाशा हातात येतो तो नेहमी मागाहून. हे काल्पनिक संस्थेपुरते नाही. जगाची प्रमाणवेळ पॅरिसजवळच्या सेव्र येथील आंतरराष्ट्रीय मापन कार्यालय ऐंशीहून अधिक प्रयोगशाळांतल्या चारशेहून अधिक घड्याळांवरून कागदावर काढते आणि पाच-पाच दिवसांच्या अंतराने काढलेले फरक महिन्यातून एकदा प्रसिद्ध करते. कोणत्याही भिंतीवर ती वेळ दाखवणारे एक घड्याळ नाही. त्या हिशेबात चांगल्या घड्याळाला जास्त वजन असते, पण वजनाला कमाल मर्यादा असते. एकाच घड्याळाने सगळ्यांना ओढून नेऊ नये म्हणून. आपल्या कथेतील संस्थेत ज्येष्ठ पथकप्रमुखाच्या घड्याळाला अंतिम मानतात, त्यांना हा नियम सुचवावा.

मग त्या नकाशावर काय असावे? समान गतीच्या रेषा, आणि प्रत्येक रेषेवर आकड्याबरोबर त्याची अनिश्चितता. कोपऱ्यात तळाचे ठिकाण व उंची, कोणत्या तारखांची मोजणी, आणि गती बदलती असेल तर वर्षाला किती बदलते. होकायंत्राच्या नकाशांवर चुंबकीय उत्तरेचा वार्षिक बदल छापतात, आणि जागतिक चुंबकीय प्रतिमान दर पाच वर्षांनी नव्याने काढावे लागते. अस्थिर काळाच्या नकाशालाही अशीच मुदत छापली पाहिजे. तारीख लिहिताना महिने-वर्षांच्या भानगडीत न पडता दिवसांचा सलग अंक लिहावा. खगोलशास्त्रज्ञ १७ नोव्हेंबर १८५८च्या मध्यरात्रीपासून दिवस मोजतात. त्या मोजणीत १ जानेवारी २००० हा ५१,५४४वा अंक आहे. वजाबाकी सोपी जाते आणि लीप वर्षाची चूक होत नाही.

कथेत एका ठिकाणी घड्याळ मागे उडी मारते आणि दोन नोंदींचा क्रम उलटा होतो. यावर तोडगा जुना आहे. १९७८ साली संगणकशास्त्रज्ञ लेस्ली लॅम्पोर्ट यांनी संगणकांच्या जाळ्यासाठी तो मांडला. वेळेवर विसंबायचेच नाही. प्रत्येकाने आपल्या प्रत्येक नोंदीला एक वाढता अंक द्यायचा, निरोप पाठवताना तो अंक सोबत लिहायचा, आणि निरोप मिळाला की आपला अंक व आलेला अंक यांतला मोठा घेऊन त्यात एक मिळवायचा. ज्याच्यामुळे जे घडले त्याचा अंक नेहमी लहान राहतो. घड्याळे कितीही बहकली तरी कारण आधी आणि परिणाम नंतर एवढे वहीत टिकते. उलट दिशेने मात्र अर्थ काढू नये. लहान अंकाची नोंद मोठ्या अंकाच्या नोंदीचे कारण असतेच असे नाही.

शेवटी, संस्थेचा एक विभाग रानात न जाता दप्तरात बसवावा. निसर्गापेक्षा माणसांनी काळ अधिक ठिकाणी फाडला आहे. दिनदर्शिका सुधारताना १५८२ साली रोमच्या पोपच्या आज्ञेने ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला. ब्रिटनमध्ये १७५२ साली २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर. रशियात १९१८ साली ३१ जानेवारीनंतर १४ फेब्रुवारी. स्वीडनमध्ये १७१२ साली ३० फेब्रुवारी हा दिवस खरोखर होता. सामोआ या प्रशांत महासागरातल्या बेटदेशाने २०११ सालचा ३० डिसेंबर वगळला, कारण देश तारखेच्या रेषेच्या दुसऱ्या बाजूला गेला. जिथे उन्हाळ्यासाठी घड्याळे तासभर पुढे-मागे करतात तिथे वर्षातून एक तास नाहीसा होतो आणि एक तास दोनदा येतो. त्या दुहेरी तासातली 'रात्री १:३०' ही नोंद, सोबत जागतिक वेळेपासूनचा फरक लिहिला नसेल, तर कायमची संदिग्ध राहते. या सगळ्या फाटांचा नकाशा आहे आणि तो चालू आहे. आर्थर डेव्हिड ओल्सन यांनी सुरू केलेली कालपट्ट्यांची ही सूची २०११पासून आयएएनए या इंटरनेटचे पत्ते व क्रमांक सांभाळणाऱ्या संस्थेच्या छत्राखाली आहे, आणि जवळपास प्रत्येक फोन व संगणक तिच्याच आधारे वेळ दाखवतो. कोणत्याही सरकारने पट्टा बदलला की तिची नवी आवृत्ती निघते.

पृथ्वीच्या फिरण्याशी मेळ ठेवण्यासाठी १९७२पासून २७ वेळा एक जादा सेकंद घातला गेला. शेवटचा ३१ डिसेंबर २०१६ रोजी, २३:५९:६० असा. ३० जून २०१२च्या जादा सेकंदाने अनेक संकेतस्थळांचे संगणक अडकले होते, कारण मिनिटात ६१वा सेकंद येईल असे त्या प्रणालींनी नीट गृहीत धरले नव्हते. २०२२ साली वजनमापांच्या जागतिक परिषदेने २०३५पर्यंत ही पद्धत बदलण्याचे ठरवले आहे. म्हणून दप्तर विभागाच्या नोंदवहीत प्रमाणवेळेशेजारी अणुकालाचाही (अणुघड्याळांवरून सलग मोजलेल्या वेळेचाही) रकाना असावा. त्यात जादा सेकंद कधीच येत नाहीत. २०१७च्या सुरुवातीपासून तो प्रमाणवेळेच्या ३७ सेकंद पुढे आहे.

आपले,
वेळ व वारंवारता मोजण्याच्या कामातील काही वाचक